‘सेंट लुइस ब्लूज’: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जॅझ ऐकायला लागलेल्या माणसाला हे गाणं पहिल्या महिन्याभरातच भेटतं. मग तेच गाणं दहा वेगवेगळ्या रूपांत समोर येतं आणि प्रश्न पडायला लागतात. गेल्या काही वर्षांत मित्रमंडळींनी आणि नव्या श्रोत्यांनी मला जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारले, त्यांची उत्तरं इथे एकत्र लिहिली आहेत. काही उत्तरं लांबली आहेत, कारण तिथे सांगण्यासारखं खूप आहे.

हे गाणं कुणाचं? कधीचं?

शब्द आणि चाल दोन्ही विल्यम ख्रिस्तोफर हँडी यांची. जग त्यांना डब्ल्यू. सी. हँडी म्हणून ओळखतं. सप्टेंबर 1914 मध्ये अमेरिकेतल्या मेम्फिस शहरात, हॅरी पेस या भागीदाराबरोबर काढलेल्या ‘पेस अँड हँडी’ या स्वतःच्या कंपनीतर्फे त्यांनी ते छापलं. ‘छापलं’ हा शब्द मुद्दाम वापरतो आहे. त्या काळी गाणं बाजारात येई ते छापील स्वरलिपीच्या रूपात. घरोघरी पियानो असत, लोक दुकानातून चार-सहा पानांची प्रत विकत आणत आणि घरी वाजवत. तबकड्यांचं युग सुरू झालं होतं, पण पैसा अजून कागदात होता.

‘लुई’ म्हणायचं की ‘लुइस’?

मिसिसिपी नदीच्या काठावरच्या या शहराला नाव मिळालं फ्रान्सचा राजा नववा लुई याच्यावरून. पण तिथली माणसं शेवटचा ‘स’ उच्चारतात. म्हणून शहर ‘सेंट लुइस’.

हँडी मूळचे सेंट लुइसचे का?

नाही. त्यांचा जन्म 16 नोव्हेंबर 1873 रोजी अलाबामा राज्यातल्या फ्लॉरेन्स गावात, लाकडी ओंडक्यांच्या घरात झाला. वडील धर्मोपदेशक. संगीत म्हणजे चर्चमधलं, बाकी सगळं सैतानाचं, अशी घरची शिस्त. लहान हँडींनी पैसे साठवून गिटार आणली, तर वडिलांनी ती दुकानात परत करायला लावली आणि तिच्या बदल्यात शब्दकोश घ्यायला लावला. मुलगा गाणारा-वाजवणारा निघाला तर घराण्याचं नाक कापलं जाईल, ही भीती आपल्याकडेही त्या पिढीने पुष्कळ पाहिली आहे. पोराने कुठून तरी कॉर्नेट, म्हणजे ट्रंपेटसारखं फुंकवाद्य, मिळवलं आणि चोरून शिकला.

सेंट लुइसशी त्यांचा संबंध आला तो उपासमारीचा. शिकागोत मोठं जागतिक प्रदर्शन भरणार म्हणून काही गायक मित्रांची चौकडी घेऊन ते निघाले. प्रदर्शन वर्षभर पुढे ढकलल्याचं तिथे पोचल्यावर कळलं. पोरं भटकत सेंट लुइसला आली, चौकडी फुटली, खिसा रिकामा. हँडी काही काळ नदीकाठच्या धक्क्यावर, उघड्या दगडी फरशीवर झोपत होते. तेव्हा त्यांचं वय विशीच्या आतबाहेर होतं. गाणं कागदावर उतरलं त्यानंतर वीसेक वर्षांनी.

मग गाणं सुचलं कसं?

हँडींनी स्वतः ही हकीकत 1941 मध्ये आलेल्या आत्मचरित्रात सांगितली आहे. त्या हलाखीच्या दिवसांत सेंट लुइसच्या अंधाऱ्या रस्त्यावर एक बाई त्यांना दिसली होती. नवरा सोडून गेलेला, पावलं अडखळत होती आणि ती स्वतःशीच पुटपुटत होती: माझ्या माणसाचं काळीज समुद्रात फेकलेल्या धोंड्यासारखं आहे. ते एक वाक्य हँडींच्या डोक्यात वीस वर्षं राहिलं. 1914 मध्ये मेम्फिसच्या बील स्ट्रीटवर, घरातल्या मुलाबाळांच्या गलक्यापासून दूर, त्यांनी एक खोली भाड्याने घेतली आणि रात्रभर बसून गाणं लिहिलं. त्या बाईचं वाक्य गाण्याच्या शेवटच्या भागात जवळपास जसंच्या तसं आलं आहे.

मला या गाण्यात सर्वांत मोलाची वाटते ती हीच गोष्ट. हँडी मोठे ठरले ते ऐकण्यामुळे. धोंड्याची ती उपमा त्यांची नाही, आणि ती आपली असल्याचा दावाही त्यांनी केला नाही. कुठून आली ते त्यांनी स्पष्ट लिहून ठेवलं. शेवटच्या भागाच्या सुरावटीचंही तेच. लहानपणी फ्लॉरेन्सच्या चर्चमध्ये दानाची थाळी फिरताना एक वडीलधारे उपदेशक ज्या सुरात लोकांना पुढे बोलावत, तो सूर आपण घेतला, असं त्यांनी सांगितलं आहे. वडिलांनी बाहेरचं संगीत वर्ज्य केलं आणि मुलाने चर्चमधलाच सूर उचलून नाचघरात नेला!

गाण्यात नेमकं काय म्हटलं आहे?

एक बाई बोलते आहे. तिला मावळता सूर्य बघवत नाही, कारण तिचा माणूस गाव सोडून गेला आहे. उद्याही आजच्यासारखंच वाटलं तर ट्रंक भरून मी निघून जाईन, असं ती म्हणते. मग कळतं की सेंट लुइसची, हिऱ्याच्या अंगठ्या घालणारी एक बाई तिच्या माणसाला पदराला बांधून फिरवते आहे. पावडर आणि गंगावन नसतं, तर माझा माणूस कुठेच गेला नसता, हा तिचा त्रागा. आणि शेवटी तो समुद्रातला धोंडा.

या त्राग्यात थोडा विनोद आहे, थोडं सवतीमत्सराचं विष आहे आणि खूप एकटेपण आहे. मावळतीची वेळच का, हे मराठी माणसाला समजावून सांगावं लागत नाही. कातरवेळ हा शब्द आपल्याकडे आहेच. विल्यम फॉकनर या अमेरिकन लेखकाने 1931 मध्ये आलेल्या एका कथेचं नाव याच पहिल्या ओळीवरून घेतलं.

‘ब्लूज’ म्हणजे नक्की काय? उदास गाणं एवढंच?

उदासी आहे, पण तिला एक बांधणी आहे. ती मराठी कानाला सोप्या हिशोबात सांगतो.

बार म्हणजे पाश्चात्त्य तालाचा एक खंड. एका बारमध्ये चार मात्रा. ब्लूजचं एक कडवं बारा बारचं, म्हणजे अठ्ठेचाळीस मात्रांचं. त्याच्या तीन ओळी. प्रत्येक ओळीला चार बार, म्हणजे सोळा मात्रा. तीनतालाचं एक आवर्तन म्हणा ना! फक्त खाली-भरीचा भेद तिथे नाही. पहिली ओळ गायची, दुसरी ओळ म्हणून तीच पुन्हा गायची आणि तिसऱ्या ओळीत तिचा उलगडा करायचा किंवा टोला द्यायचा. पण गाणारा सोळाच्या सोळा मात्रा भरत नाही. साधारण नऊ-दहा मात्रांत त्याची ओळ संपते. उरलेल्या जागेत वाद्य उत्तर देतं: गिटार, पियानो, कॉर्नेट, जे असेल ते. कीर्तनात बुवांच्या ओळीला झीलकरी उत्तर देतात तसं. शेतात, रेल्वेच्या कामावर, चर्चमध्ये एकाने म्हणायचं आणि बाकीच्यांनी झेलायचं ही आफ्रिकन वंशाच्या अमेरिकनांची जुनी रीत आहे. ब्लूजमध्ये माणूस एकटा असतो, म्हणून उत्तर द्यायला त्याचं वाद्यच पुढे येतं.

दुसरी गोष्ट सुरांची. ब्लूजचा गंधार शुद्ध नाही आणि पूर्ण कोमलही नाही. तो दोहोंच्या मध्ये कुठेतरी लागतो, अनेकदा खालून मींडेने येतो. निषादाचंही तसंच. पियानोच्या पट्टीवर हा सूर नाहीच. हँडींनी कागदावर तो कोमल गंधार लिहून जवळ आणला, एवढंच करणं शक्य होतं. ज्यांनी हार्मोनियमच्या साथीत तोडी किंवा दरबारीचा गंधार ऐकला आहे, त्यांना ही अडचण लगेच कळेल. लिहिलेला सूर आणि गायलेला सूर यांच्यामध्ये जी फट आहे, तिथेच ब्लूज राहतो.

हे शुद्ध ब्लूज आहे की जॅझ? लोक दोन्ही म्हणतात.

दोन्ही बरोबर आहेत, पण कारणं वेगळी. गाण्याचे तीन भाग आहेत. पहिला आणि तिसरा बारा बारचा ब्लूज. मधला मात्र सोळा बारचा, मायनरमध्ये, म्हणजे कोमल गंधारात, उतरणारा आणि हबानेराच्या ठेक्यावर चालणारा. हबानेरा हा क्यूबातून आलेला ठेका, टँगोचा जवळचा नातलग. 1914 मध्ये अमेरिकेत टँगोचं वेड होतं. हँडींचा डाव असा की नाचणाऱ्यांना आधी टँगोत गुंतवायचं आणि ते रंगात आले की अचानक रांगडा ब्लूज सोडायचा. त्यांच्याच सांगण्यानुसार पहिल्या रात्री मंडळी क्षणभर थबकली आणि मग सगळ्या नाचघराला उधाण आलं. मेम्फिसमध्ये वाजवताना त्यांच्या आधीच लक्षात आलं होतं की हा ठेका लागला की कृष्णवर्णीय नर्तकांच्या अंगात वेगळंच काहीतरी संचारतं. या ठेक्याची मुळं आफ्रिकेतली आहेत, अशी त्यांची धारणा होती.

म्हणजे रचना म्हणून हे कागदावर नीट बांधलेलं गाणं आहे. त्यात ब्लूजचा ऐवज आहे. आणि वेगवेगळ्या रंगांचे तीन भाग असल्यामुळे जॅझ वादकांना त्यात खेळायला भरपूर जागा मिळाली. नुसता बारा बारचा ब्लूज असता तर वादकांनी तो इतक्या वेळा उचलला असता का, याची मला शंका वाटते.

हँडींना ‘ब्लूजचे जनक’ म्हणतात ते योग्य आहे का?

हा प्रश्न भांडण लावणारा आहे, आणि भांडण झालंही. 1938 मध्ये एका रेडिओ कार्यक्रमात हँडींची ओळख जॅझ आणि ब्लूजचे प्रवर्तक अशी करून दिली गेली. पियानोवादक जेली रोल मॉर्टन त्यावर खवळला. ‘डाउन बीट’ या नियतकालिकात त्याचं लांबलचक पत्र आलं: जॅझ मी 1902 मध्ये निर्माण केलं, हँडींनी नव्हे. हँडींनी उत्तर दिलं आणि आपल्याला जॅझ वाजवता आलं असतं तरी वाजवलं नसतं, असं सुनावलं.

वस्तुस्थिती अशी. ब्लूज कुणी एकाने निर्माण केला नाही. 1903 मध्ये हँडी मिसिसिपी राज्यातल्या क्लार्क्सडेलमध्ये बँड चालवत होते. जवळच्या टटवायलर स्टेशनवर गाडी नऊ तास उशिरा होती. तिथे फाटक्या कपड्यातला एक माणूस गिटारच्या तारांवर सुरी घासत, एकच ओळ तीनदा गात बसला होता. ओळ कसली, तर दोन रेल्वेमार्ग जिथे एकमेकांना छेदतात तिथे मी चाललो आहे. हँडींनी लिहिलं आहे की इतकं विलक्षण संगीत त्यांनी त्याआधी कधी ऐकलं नव्हतं. पुढे क्लीव्हलंड गावातल्या एका नाचात तिघा स्थानिक वादकांच्या मोडक्यातोडक्या वाद्यांवर लोकांनी नाण्यांचा पाऊस पाडला, तोही त्यांनी पाहिला. शिकलेले, नोटेशन वाचणारे हँडी तिथे शिष्य झाले.

छापण्यातही ते पहिले नव्हते. 1912 मध्ये हार्ट वाँड यांचा ‘डॅलस ब्लूज’ हँडींच्या ‘मेम्फिस ब्लूज’च्या काही महिने आधी आला होता.

जात्यावरच्या ओव्या कुणी रचल्या असं विचारलं तर आपण काय सांगू? पहाटे दळणाऱ्या बायांनी. त्या लिहून घेणाऱ्यांचे उपकार मोठे, पण त्यांना ओवीचे जनक कुणी म्हणत नाही. हँडींचं काम नुसत्या लिहून घेण्यापेक्षा पुढचं होतं. त्यांनी त्या ऐवजातून नवी, मोठी रचना उभी केली आणि तिला बाजारात मान मिळवून दिला. मी त्यांना ब्लूजचा पहिला मोठा रचनाकार म्हणेन. जनक हा शब्द टटवायलरच्या त्या निनावी माणसावर आणि सेंट लुइसच्या त्या बाईवर अन्याय करतो.

गाणं लगेच गाजलं का?

नाही. मेम्फिसमध्ये बँड वाजवायचा, पण देशभर पसरायला सहा-सात वर्षं लागली. एक गोष्ट मात्र या वेळी वेगळी होती. ‘मेम्फिस ब्लूज’चे हक्क हँडींनी अवघ्या 50 डॉलरना विकून टाकले होते आणि मग ते गाणं दुसऱ्यांच्या फायद्यासाठी धो धो खपलं. ते हक्क परत मिळायला 1940 साल उजाडलं. ‘सेंट लुइस ब्लूज’ त्यांनी विकलं नाही, स्वतःच छापलं. कृष्णवर्णीय माणसाने स्वतःच्या गाण्याचा मालक राहणं ही त्या काळी किती अवघड गोष्ट होती, हे लक्षात घेतलं की या साध्या वाटणाऱ्या निर्णयाचं वजन कळतं. 1918 मध्ये कंपनी न्यूयॉर्कला हलली. पुढे हॅरी पेस बाजूला झाला आणि 1921 मध्ये त्याने ‘ब्लॅक स्वान’ ही रेकॉर्ड कंपनी काढली. हँडींनी भावाबरोबर प्रकाशन चालू ठेवलं.

पहिलं रेकॉर्डिंग कुणाचं?

कोलंबिया कंपनीतल्या प्रिन्स यांच्या बँडचं, डिसेंबर 1915 मध्ये. त्यात गायन नाही, नुसतं वादन. त्यानंतर अल बर्नार्ड आणि मॅरियन हॅरिस या गोऱ्या गायकांनी ते तबकडीवर गायलं. हॅरिसला हे गाणं रेकॉर्ड करायचं होतं, व्हिक्टर कंपनी तयार होईना, म्हणून ती कंपनी सोडून 1920 मध्ये कोलंबियाकडे गेली.

जिचं दुःख, तिचा आवाज तबकडीवर सुरुवातीला का नाही? कारण मोठ्या कंपन्या कृष्णवर्णीय गायिकांचं ब्लूज रेकॉर्ड करतच नव्हत्या. ऑगस्ट 1920 मध्ये मेमी स्मिथने ‘क्रेझी ब्लूज’ गायलं, ते तुफान खपलं आणि मगच दार उघडलं.

रंगमंचावर मात्र गाणं आधीच पोचलं होतं. एथेल वॉटर्स ही गायिका सांगते की तिने ते प्रथम चार्ल्स अँडरसन याच्या तोंडून ऐकलं. अँडरसन स्त्रीवेषात गाणारा कलाकार होता. स्त्रीपार्टी नटांची परंपरा आपल्या रंगभूमीने डोक्यावर घेतली आहे, त्यामुळे सोडून दिलेल्या बाईचं हे गाणं एका पुरुषाने बाईच्या वेषात गावं याचं नवल मराठी रसिकाला वाटू नये. एथेलने मग प्रकाशकांकडे परवानगी मागितली आणि ते आपल्या कार्यक्रमात घेतलं.

ऐकायचं तर कोणतं ऐकू?

गायिका बेसी स्मिथचं. 14 जानेवारी 1925, न्यूयॉर्क. दुसरं काही ऐकायला वेळ नसेल तरी हे तीन मिनिटांचं ऐकाच.

खोलीत तिघंच. बेसी गाते, तेवीस वर्षांचा लुई आर्मस्ट्राँग कॉर्नेटवर आणि फ्रेड लाँगशॉ हार्मोनियमवर. मायक्रोफोन नाही. कंपनीत विजेवरचं ध्वनिमुद्रण यायला अजून काही आठवडे होते. ती कर्ण्यासमोर उभी राहून गायली आणि आवाजाच्या कंपनांनी थेट मेणावर रेघ उमटली.

हार्मोनियम म्हणजे इथे पायाने भाता मारायचा रीड ऑर्गन. आपल्या संगीत नाटकांच्या साथीला असायचा त्याच कुळातला. तो सुरुवातीपासून शेवटपर्यंत लांब, चर्चसारखे सूर धरून ठेवतो आणि त्या स्थिर पट्ट्यांवरून बेसी आपले सूर घसरवते, दाबते, खालून उचलते. सूर्य मावळण्याची पहिली ओळ ती इतकी सावकाश म्हणते की संध्याकाळ लांबत जाते. हँडींचा टँगो इथे जवळजवळ विरघळून गेला आहे. नाचायला कुणी उठणार नाही. आणि प्रत्येक ओळीनंतरच्या मोकळ्या मात्रांत आर्मस्ट्राँग उत्तर देतो. ते उत्तर दर वेळी निराळं आहे. कधी समजूत काढतो, कधी तिचीच ओळ पुढे नेतो, कधी नुसता उसासा टाकतो. मी हे रेकॉर्डिंग कितीतरी वेळा फक्त कॉर्नेटसाठी ऐकलं आहे आणि कितीतरी वेळा फक्त भात्याच्या त्या श्वासासाठी.

बेसी स्मिथचा चित्रपटही आहे ना?

आहे. 1929 चा, सुमारे सोळा मिनिटांचा, गाण्याच्याच नावाचा. दिग्दर्शक डडली मर्फी. पडद्यावर हलणारी-बोलणारी बेसी बघायला मिळते ती फक्त इथे. प्रियकर तिचे पैसे घेऊन, तिला ढकलून निघून जातो. ती दारूच्या गुत्त्यात टेबलाला टेकून गायला लागते आणि हळूहळू सगळा गुत्ता, म्हणजे हॉल जॉन्सन यांचं गायकवृंद, तिच्या मागे उभा राहतो. हँडींचा संगीतात आणि कथेत हात होता, पियानोवर जेम्स पी. जॉन्सन. 2006 मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत त्याचा समावेश झाला. कृष्णवर्णीयांची ठरावीक साच्यातली चित्रणं त्यात आहेत, ती खुपतात. बेसी गायला लागली की मात्र तिच्यावरून नजर हटत नाही.

गोऱ्यांच्या रुग्णालयाने दारातून परत पाठवल्यामुळे बेसी गेली, हे खरं का?

ही दंतकथा आहे. 26 सप्टेंबर 1937 रोजी हायवे 61 वर झालेल्या मोटार अपघातानंतर तिला क्लार्क्सडेलमधल्या कृष्णवर्णीयांच्या रुग्णालयात नेलं गेलं आणि तिथे ती गेली. गोऱ्यांच्या रुग्णालयात तिला नेलंच नव्हतं. त्या काळच्या मिसिसिपीत तसं कुणी करतच नसे, आणि वर्णभेदाचं हे रूप मला दंतकथेपेक्षाही भयंकर वाटतं. गाव तेच, जिथे 1903 मध्ये हँडी राहत होते. तिच्या थडग्यावर 1970 पर्यंत दगड नव्हता. तो बसवण्यासाठी पैसे देणाऱ्यांत गायिका जॅनिस जॉप्लिन होती.

आणखी कोणती रूपं ऐकावीत?

आर्मस्ट्राँगने हे गाणं आयुष्यभर सोडलं नाही. 1929 मध्ये त्याने ते झपाट्याने, नाचरं करून वाजवलं. 1954 मध्ये हँडींच्या गाण्यांचा एक पूर्ण अल्बम केला. त्यात हे गाणं जवळपास नऊ मिनिटं चालतं आणि व्हेल्मा मिडलटन त्याच्याबरोबर गाते. लाँग-प्ले तबकडी आल्यामुळे गाण्याला पहिल्यांदाच हातपाय पसरायला जागा मिळाली होती. बेसीनंतर मी याचंच नाव घेईन.

त्यानंतरचा एक प्रसंग चित्रफितीवर आहे. जुलै 1956, न्यूयॉर्कचं लुइसन स्टेडियम. लेनर्ड बर्नस्टाइन यांचा भलाथोरला ऑर्केस्ट्रा आणि पुढे आर्मस्ट्राँग. श्रोत्यांत ब्याऐंशी वर्षांचे हँडी. 1943 मध्ये भुयारी रेल्वेच्या फलाटावरून पडल्यापासून त्यांची दृष्टी पूर्ण गेली होती. गाणं चालू असताना ते डोळे पुसताना दिसतात.

पियानोवर अर्ल हाइन्सचं 1940 चं बूगी-वूगी (ब्लूजवर आधारलेल्या नाचऱ्या पियानो शैलीतलं) रूप, गिटारवर पॅरिसमधल्या जँगो राइनहार्टचं 1937 चं. ग्लेन मिलरने दुसऱ्या महायुद्धात, 1943 मध्ये, सैन्याच्या बँडसाठी याचं चक्क संचलनगीत केलं. डेव्ह ब्रूबेकची 1963 ची कार्नेगी हॉलमधली मैफल याच गाण्याने उघडते. 1998 मध्ये हर्बी हँकॉकच्या अल्बममध्ये ते स्टीव्ही वंडर गायला आणि त्याला ग्रॅमी मिळालं. 1958 मधला हँडींवरचा चित्रपट, त्यात नॅट किंग कोल हँडींच्या भूमिकेत, गाण्यांसाठी बघावा. कथा म्हणून फिका आहे. तो प्रदर्शित होण्याच्या थोडं आधी, 28 मार्च 1958 रोजी हँडी वारले.

आइस हॉकीचा एक संघ याच नावाचा आहे, तो योगायोग का?

योगायोग नाही. 1967 मध्ये सुरू झालेल्या सेंट लुइसच्या संघाला या गाण्यावरूनच ‘ब्लूज’ हे नाव दिलं गेलं.

मुंबई-गोव्याशी या गाण्याचा काही धागा आहे का?

गाण्याचा थेट नाही, पण माणसांचा आहे. 1930 च्या दशकात मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात कृष्णवर्णीय अमेरिकन जॅझ वादक मुक्कामाला येऊन वाजवत होते. 1935 मध्ये लिऑन अ‍ॅबीचा बँड आला. मागोमाग क्रिकेट स्मिथ हा कॉर्नेट-ट्रंपेट वादक. तो न्यूयॉर्कमध्ये जेम्स रीस युरोप यांच्या बँडमध्ये होता, म्हणजे हँडींच्या पिढीच्या अगदी आतल्या वर्तुळातला. पियानोवादक टेडी वेदरफर्ड तर 1926 मध्ये शिकागोत आर्मस्ट्राँगबरोबर एकाच बँडमध्ये होता. त्याचा शेवट 1945 मध्ये कोलकात्यात झाला.

या मंडळींकडून आणि तबकड्यांवरून शिकलेल्या गोवेकर वादकांत हळदोण्याचा चिक चॉकलेट, मूळ नाव अँतोनियो झेवियर वाझ, ‘भारताचा आर्मस्ट्राँग’ म्हणून ओळखला गेला. तो पुढे पुणतांब्याच्या सी. रामचंद्रांबरोबर काम करायला लागला. ‘अलबेला’तल्या नाचगाण्यात जी ब्रास, म्हणजे पितळी फुंकवाद्यं, ऐकू येते, तिचं गुरुघर शोधत गेलात तर वाट न्यू ऑर्लिन्स आणि शिकागोला जाते.

मला हे गाऊन इंटरनेटवर टाकायचं आहे. हक्कांचं काय?

शब्द-चाल अमेरिकेत 1990 च्या सुरुवातीपासून मुक्त आहे. भारतात रचनाकाराच्या मृत्यूनंतर साठ वर्षं हक्क राहतो, म्हणजे इथे 1 जानेवारी 2019 पासून मुक्त. बेसीच्या 1925 च्या तबकडीचा हक्क भारतात केव्हाच संपला, अमेरिकेत 1 जानेवारी 2026 रोजी संपला. आर्मस्ट्राँगचं 1954 चं किंवा हँकॉकचं रेकॉर्डिंग मात्र उचलून वापरू नका. त्यांचे हक्क वेगळे असतात.

हार्मोनियमवर वाजवायचं तर सुरुवात कुठून करू?

मूळ छापील प्रत पांढरी पाचच्या पट्टीत आहे, तीच घ्या. पहिल्या भागाची ढोबळ चौकट अशी: चार बार षड्जावरचा स्वरमेळ, दोन बार मध्यमावरचा, दोन बार पुन्हा षड्जावरचा, दोन बार पंचमावरचा आणि शेवटचे दोन पुन्हा षड्जावरचे. प्रत्येक बारला चार मात्रा. मधल्या भागात गंधार कोमल होतो आणि ठेका बदलतो. केरव्याच्या आठ मात्रा मनात धरा आणि पहिल्या, चौथ्या, पाचव्या आणि सातव्या मात्रेवर आघात द्या, हबानेरा हाती येईल. तबलजी मित्राला दाखवलंत तर पाच मिनिटांत पकडेल.

सुरुवातीला सगळ्यांची एक चूक होते, माझीही झाली होती. ओळ म्हणून झाली की लगेच पुढची ओळ घ्यायची घाई होते. ती घेऊ नका. ओळ दहाव्या मात्रेच्या आसपास संपवा आणि सोळा पुऱ्या होईपर्यंत भाता नुसता चालू ठेवा.